सह्याद्रीचा कणा, सातपुड्याची शीव : मराठी दुर्गवाङ्मयातील पर्वतप्रतिमा आणि पूर्णाकाठचा वाचक

१. प्रास्ताविक

बुलढाणा जिल्ह्याच्या संग्रामपूर तालुक्यातील वरवट बकाल या गावातून स्वच्छ हवेत उत्तरेकडे पाहिले, तर सातपुड्याची निळसर रांग आडवी पसरलेली दिसते. या भागातून महाविद्यालयात येणाऱ्या विद्यार्थ्यांच्या दृष्टीसमोर ती जन्मापासून आहे. असे असताना पदव्युत्तर वर्गात 'डोंगर, किल्ला आणि नदी' या विषयावर टिपण लिहावयास सांगितले, तेव्हा जवळजवळ प्रत्येकाने सह्याद्री, रायगड आणि कृष्णा-गोदावरी यांविषयीच लिहिले. सरळ रेषेत पन्नास किलोमीटरांच्या आत असलेला नरनाळा कोणाच्याही लेखनात आला नाही. शेजारच्या जळगाव जामोद तालुक्यातील मैलगडही आला नाही. गावाच्या दक्षिणेकडून वाहणाऱ्या पूर्णेचा उल्लेख एकाच टिपणात होता आणि तोही पुराच्या संदर्भात. प्रस्तुत लेखकाला याबद्दल विद्यार्थ्यांना दोष देण्याचा अधिकार नाही. चारशेहून अधिक किलोमीटरांवरचा रायगड त्याने तीनदा पाहिला होता. नरनाळ्यावर पहिल्यांदा पाय ठेवावयास मात्र त्याला वयाची चाळिशी गाठावी लागली.

हा अनुभव केवळ स्थानिक अज्ञानाचा निदर्शक आहे, असे मानून सोडून देता येत नाही. ज्या वाङ्मयाच्या संस्कारातून मराठी वाचकाची भूदृश्यविषयक जाणीव घडते, त्या वाङ्मयानेच काही डोंगर दृश्य आणि काही अदृश्य केले आहेत काय, आणि केले असल्यास त्यामागील कारणे कोणती, हा प्रश्न येथे विचारार्थ घेतला आहे. दुर्गवाङ्मयाचा रूपबंध, त्याच्या घडणीत सहभागी झालेले वैदर्भीय लेखक, सातपुड्यातील दुर्गांचा इतिहास आणि पूर्णाखोऱ्याची भाषिक स्थिती या क्रमाने विवेचन केले आहे.

२. दुर्गवाङ्मयाचा रूपबंध

मराठीतील दुर्गविषयक लेखनाची परंपरा दीर्घ आहे. कृष्णाजी अनंत सभासद याने इ. स. १६९७ च्या सुमारास जिंजी येथे लिहिलेल्या बखरीत शिवाजी महाराजांच्या गडांची नोंद येते. रामचंद्रपंत अमात्यांच्या 'आज्ञापत्रा'त दुर्ग हा राज्याचा आधार मानून त्याची बांधणी, पाणी, झाडी आणि तेथील माणसांची नेमणूक यांचा शास्त्रशुद्ध विचार मांडला आहे. विसाव्या शतकात गो. नी. दांडेकरांच्या लेखनाने या परंपरेला ललित रूप प्राप्त करून दिले. 'दुर्गभ्रमणगाथा', 'किल्ले' यांसारख्या पुस्तकांमुळे किल्ला हा अभ्यासकाप्रमाणेच सामान्य वाचकाचाही विषय झाला.

या लेखनाच्या मुळाशी असलेला रूपबंध लक्षात घेतला, तर त्यात तीन घटक प्रकर्षाने दिसतात. पहिला घटक आरोहणाचा. लेखक पायथ्याच्या गावातून निघतो, वाटाड्या सोबत घेतो, चढतो आणि माथ्यावरून मुलूख न्याहाळतो. दुसरा घटक वारशाचा. गडावरील प्रत्येक दगड 'आपल्या' पूर्वजांच्या पराक्रमाची साक्ष देतो, आणि लेखक-वाचक त्या पराक्रमाचे वारसदार असतात. तिसरा घटक वीरकथेचा. गडाला वेढा पडतो, कोणी तरी तो प्राणपणाने लढवतो किंवा घेतो, आणि त्या प्रसंगाने गडाचे नाव अमर होते. आरोहण, वारसा आणि वीरकथा हे तीन घटक एकत्र आले की दुर्गवर्णनाला भावनिक पूर्णता लाभते.

या रूपबंधाने स्वतःची शब्दकळाही घडवली. माची, बालेकिल्ला, कडा, सुळका, नेढे, घळ, कपार, कातळ, टाके हे शब्द आज कोणत्याही सुशिक्षित मराठी वाचकाला परिचित आहेत. त्यांतील बहुतेक शब्द सह्याद्रीच्या बेसॉल्ट कातळाने आणि मावळी बोलीने पुरवले आहेत. वऱ्हाडातील वाचक हे शब्द पुस्तकातून शिकतो. त्याच्या स्वतःच्या भूमीचे बरड, धुरा, झिरा, डोह, पायनघाट हे शब्द त्याला घरी मिळतात. परंतु ते छापील पानावर भेटत नसल्यामुळे वाङ्मयाच्या योग्यतेचे वाटत नाहीत.

३. तीन वैदर्भीय साक्षी

सह्यकेंद्री दृष्टीचा दोष पुण्या-मुंबईच्या साहित्यव्यवहारावर टाकण्याची प्रथा आपल्याकडे रूढ आहे. परंतु वस्तुस्थिती अधिक गुंतागुंतीची आहे. महाराष्ट्राची पर्वतप्रतिमा मराठी मनात दृढ करणारे तीन महत्त्वाचे लेखक विदर्भाच्या मातीतले आहेत.

पहिले श्रीपाद कृष्ण कोल्हटकर (१८७१–१९३४). त्यांचा जन्म नागपूरचा. त्यांनी वकिलीच्या निमित्ताने अकोला, खामगाव आणि जळगाव जामोद येथे वास्तव्य केले. जळगाव जामोद हे सातपुड्याच्या पायथ्याचे गाव; तेथील रहिवाशाला उत्तर क्षितिज डोंगराविना दिसूच शकत नाही. कोल्हटकरांच्या सुप्रसिद्ध 'महाराष्ट्रगीता'त उत्तुंग गिरींचा निर्देश आहे. परंतु त्या गिरींना नाव नाही, आणि त्या गीतात शौर्याचे प्रतीक म्हणून येतो तो मावळा. डोळ्यांसमोरचा डोंगर सातपुड्याचा आणि कल्पनेतील माणूस सह्याद्रीचा, अशी ही रचना आहे.

दुसरे राजा बढे (१९१२–१९७७), तेही नागपूरचे. त्यांच्या 'जय जय महाराष्ट्र माझा' या गीताला २०२३ मध्ये राज्यगीताचा दर्जा मिळाला. बढ्यांच्या मूळ रचनेत रेवा-वरदांपासून गोदावरीपर्यंत नद्यांची नावे गुंफली आहेत. वरदा म्हणजे वर्धा नदी असल्यामुळे विदर्भाला तेथे स्थान आहे. तापी आणि पूर्णा मात्र त्या माळेत नाहीत, आणि पर्वत म्हणून नाव येते ते सह्याद्रीचे.

तिसरे आणि या संदर्भात सर्वांत अर्थपूर्ण उदाहरण गो. नी. दांडेकरांचे (१९१६–१९९८). त्यांचा जन्म परतवाड्याचा. परतवाडा हे गाविलगडाकडे चढणाऱ्या वाटेच्या तोंडाशी वसलेले गाव आहे. मराठी दुर्गवाङ्मयाला सर्वाधिक वाचक मिळवून देणारा लेखक सातपुड्यातील एका बलाढ्य दुर्गाच्या छायेत जन्मला; परंतु त्याच्या दुर्गविषयक लेखनाचा केंद्रबिंदू राहिला तो राजगड, रायगड, राजमाची यांचा प्रदेश. वऱ्हाडाला ते विसरले, असे मात्र म्हणता येत नाही. 'पूर्णामायची लेकरं' या कादंबरीत त्यांनी पूर्णाकाठचे लोकजीवन वऱ्हाडी बोलीच्या आधारे उभे केले, आणि गाडगेमहाराजांचे चरित्रही लिहिले. दांडेकरांच्या वाङ्मयीन भूगोलात अशी एक विभागणी दिसते : वऱ्हाडाने त्यांना नदी दिली, सह्याद्रीने किल्ला दिला. एकाच लेखकाच्या ठायी जन्मभूमीची नदी वाङ्मयात प्रविष्ट होते आणि जन्मभूमीचा किल्ला बाहेर राहतो, याचे कारण वैयक्तिक आवडीनिवडीत शोधणे पुरेसे ठरणार नाही.

४. सातपुड्यातील दुर्ग : वारशाचा प्रश्न

हे कारण समजून घेण्यासाठी सातपुड्यातील दुर्गांच्या इतिहासाकडे वळणे आवश्यक आहे. गाविलगड आणि नरनाळा हे दोन्ही दुर्ग बहमनी काळात, अहमदशहाच्या कारकिर्दीत, इ. स. १४२५ ते १४२८ च्या दरम्यान बांधले अथवा दुरुस्त केले गेले, असे फरिश्त्याच्या वृत्तांतावरून दिसते. गाविलगडाच्या नावात गवळ्यांच्या जुन्या वस्तीची आठवण असल्याचे मानले जाते. इ. स. १४९० मध्ये अचलपूर येथे इमादशाही स्वतंत्र झाली. तिचा संस्थापक फतेउल्ला इमादुल्मुल्क हा मूळचा विजयनगरच्या मुलखातील ब्राह्मण कुळातला होता, अशी नोंद आढळते. गाविलगडाच्या दरवाज्यावर हत्तींना पकडणाऱ्या गंडभेरुंडाचे, म्हणजे विजयनगराशी निगडित असलेल्या द्विमुखी पक्ष्याचे, शिल्प आहे. नरनाळ्याच्या महाकाली दरवाज्यावर फारसी-अरबी लेख कोरले आहेत आणि त्याचे नाव मात्र देवीचे आहे.

१५७४ मध्ये अहमदनगरच्या मुर्तजा निजामशहाने इमादशाहीचा अंत केला. १५९६ मध्ये वऱ्हाड मोगलांच्या स्वाधीन झाले आणि १५९८ मध्ये हे दोन्ही किल्लेही मोगलांकडे गेले. 'आईन-इ-अकबरी'त वऱ्हाड सुभ्याच्या सरकारांमध्ये गाविल आणि नरनाळा यांची स्वतंत्र नोंद आहे. गाविलगडावरील एका झऱ्याच्या पाण्यात पोलादी शस्त्रांना पाणी देत असत, असेही तेथे सांगितले आहे. अठराव्या शतकात हे दुर्ग नागपूरकर भोसल्यांच्या ताब्यात आले.

भोसल्यांच्या काळातील निर्णायक प्रसंग १८०३ मधला. त्या वर्षी २९ नोव्हेंबर रोजी आजच्या तेल्हारा तालुक्यातील अडगावच्या मैदानावर आर्थर वेलस्लीच्या इंग्रजी फौजेने भोसले-शिंद्यांच्या फौजेचा पराभव केला. वरवट बकालपासून हे मैदान दूर नाही. त्यानंतर १५ डिसेंबर रोजी गाविलगड इंग्रजांनी हल्ला करून घेतला. किल्लेदार बेनीसिंह लढता लढता पडला. दोनच दिवसांनी देवगावचा तह झाला. वर्धा नदीच्या पश्चिमेकडील वऱ्हाड भोसल्यांच्या हातून गेले, परंतु गाविलगड व नरनाळा तेवढे त्यांच्याकडे राहिले. पुढे १८५३ मध्ये वऱ्हाडचा कारभार इंग्रजांकडे आला, आणि १८५८ मध्ये गाविलगडाची तटबंदी निकामी करण्यात आली.

या इतिहासाची आणि दुर्गवाङ्मयाच्या रूपबंधाची तुलना केली असता दोहोंमधील विसंगती स्पष्ट होते. आरोहण येथेही आहे. नरनाळा समुद्रसपाटीपासून सुमारे ३१०० फूट उंचीवर आहे आणि त्याच्या रांगेतील वैराटचे शिखर ११७८ मीटर उंच आहे. वीरकथाही आहे, परंतु ती पराभवाची आहे, आणि तिचा नायक मराठ्यांच्या चाकरीतील राजपूत किल्लेदार आहे. खरी अडचण वारशाची. बहमनी सुलतानाने बांधलेला, विजयनगरी चिन्ह मिरवणाऱ्या इमादशाहाने वाढवलेला, मोगलांनी सांभाळलेला आणि भोसल्यांनी गमावलेला किल्ला नेमका कोणाचा? 'आपला' या एका शब्दात या प्रश्नाचे उत्तर मावत नाही. ज्या रूपबंधाचा आधारच निःशंक वारसा आहे, त्याला हा किल्ला पेलत नाही.

येथे एक आक्षेप संभवतो. स्वराज्यातील अनेक गडही मूळचे शिलाहार, यादव, बहमनी किंवा आदिलशाही काळातले आहेत. मग त्यांचा वारसा निःशंक कसा झाला? आक्षेप योग्य आहे. परंतु त्या गडांच्या बहुस्तरीय इतिहासावर शिवकाळाचा एक इतका प्रभावी थर चढला, की त्याखालचे थर वाङ्मयाला दिसेनासे झाले. सातपुड्याच्या दुर्गांवर असा सर्वव्यापी थर चढला नाही. १६७० मध्ये कारंजा लुटण्यासाठी शिवाजी महाराजांचे सैन्य वऱ्हाडात आले. तथापि येथील दुर्ग स्वराज्याच्या दुर्गव्यवस्थेचा भाग झाले नाहीत. त्यामुळे त्यांचे सर्व थर उघडे राहिले. जी गोष्ट इतिहासाच्या अभ्यासकाला लाभदायक, तीच ललित लेखकाला अडचणीची ठरली.

जुलै २०२५ मध्ये 'मराठा लष्करी भूप्रदेश' म्हणून १२ किल्ल्यांचा समावेश जागतिक वारसा यादीत झाला. त्यांपैकी ११ महाराष्ट्रातील असून १ जिंजी, म्हणजे तामिळनाडूतील. त्यात विदर्भातील एकही किल्ला नाही. यादीच्या विषयाच्या दृष्टीने हे तर्कसंगतच आहे आणि त्याबद्दल तक्रार करण्याचे कारण नाही. परंतु वारशाची एकच व्याख्या सर्वत्र वापरली गेली, तर दूरची जिंजी आपली ठरते आणि घरामागचा नरनाळा परका ठरतो, ही गोष्ट मराठीच्या अध्यापकाने लक्षात घेतली पाहिजे.

५. कणा आणि शीव

इतिहासाच्या जोडीने भाषेचे कारणही तितकेच महत्त्वाचे आहे. सह्याद्रीच्या पूर्वेस देश आणि पश्चिमेस कोकण. दोन्हीकडे मराठीच बोलली जाते. सह्याद्री मराठी प्रदेशाच्या मधोमध उभा असल्यामुळे त्याला कण्याचे रूपक सहज शोभून दिसते. सातपुड्याची स्थिती निराळी आहे. त्याच्या दक्षिण पायथ्याशी मराठी, उत्तरेस निमाडी व हिंदी, आणि खुद्द डोंगरात कोरकू. कोरकू ही मुंडा कुळातील भाषा आहे. म्हणजे सातपुडा ही मराठीची शीव आहे. भाषा कण्याविषयी अभिमानाने बोलते. शिवेविषयी तिच्या मनात संकोच असतो, कारण तेथे तिला दुसऱ्या भाषेचा शेजार मान्य करावा लागतो.

या शिवेवर एक असाधारण भाषिक वास्तव दडलेले आहे. जळगाव जामोद आणि संग्रामपूर तालुक्यांच्या सातपुडा पायथ्याच्या काही गावांत निहाली ही भाषा बोलली जाते. तिचे नाते कोणत्याही ज्ञात भाषाकुळाशी निर्विवादपणे जोडता आलेले नाही. डच अभ्यासक कायपर यांनी १९६२ मध्ये तिच्यावर स्वतंत्र ग्रंथ लिहिला. कोरकू, द्राविडी आणि मराठीसारख्या आर्यभाषांतून आलेले शब्द वेगळे काढल्यानंतर तिच्या शब्दसंग्रहाचा सुमारे चतुर्थांश भाग असा उरतो, की ज्याचे साम्य इतरत्र सापडत नाही, असे त्यांनी दाखवले. आज निहालीचे भाषिक दोन-अडीच हजारांच्या घरात आहेत आणि नव्या पिढीत तिचा वापर घटत आहे. जगातील भाषाशास्त्रज्ञांना परिचित असलेली ही भाषा आपल्या पदव्युत्तर अभ्यासक्रमातील विद्यार्थ्यांना नावानेही माहीत नसते. त्यांपैकी काहींच्या गावच्या बाजारात ती भाषा बोलणारी माणसे दर आठवड्याला येतात.

राजकीय घडामोडींनीही या संकोचात भर घातली. १९५६ पर्यंत विदर्भ मध्यप्रदेशात होता. १९५६ मधील द्वैभाषिकात आणि १९६० मधील महाराष्ट्र राज्यात तो सामील होत असताना ऐक्याच्या प्रतीकांची गरज होती, आणि शिवाजी महाराज व सह्याद्री ही सर्वांना एकत्र बांधणारी प्रतीके सिद्धच होती. वैदर्भीय कवीने सह्याद्रीचे नाव घेणे हा त्या काळी मराठीपणाचा उच्चार होता. वर उल्लेखिलेल्या लेखकांच्या निवडीकडे या दृष्टीने पाहिले, तर ती आत्मविस्मृती नव्हती. शिवेवर राहणाऱ्या माणसाने कण्याशी नाते सांगण्याचा तो प्रयत्न होता.

६. दोन पूर्णा आणि खारे पाणी

दुर्गाची अडचण अशी असताना नदी मात्र वाङ्मयात का येऊ शकली? नदीला वारस लागत नाहीत, लेकरे लागतात, हे त्याचे उत्तर दांडेकरांच्या कादंबरीच्या शीर्षकातच सूचित झाले आहे. पूर्णा सातपुड्यात, बैतूल जिल्ह्यातील गाविलगड रांगेत उगम पावते. अमरावती, अकोला, बुलढाणा या जिल्ह्यांतून पश्चिमेकडे वाहत जाऊन चांगदेवजवळ तापीला मिळते. तिच्या काठचा सखल मुलूख तो पायनघाट; दक्षिणेस अजिंठ्याच्या रांगेवरील पठार तो बालाघाट; आणि उत्तरेस मेळघाट. 'पाईं' म्हणजे खाली, 'बाला' म्हणजे वर. बालेकिल्ल्यातील 'बाला' तो हाच. सह्याद्रीत ज्या फारसी शब्दाने गडाचा माथा दर्शवला, त्याच शब्दाने वऱ्हाडात सबंध पठाराला नाव दिले. तेथे उंची ही युद्धाची सोय होती, येथे ती शेतीची आणि महसुलाची विभागणी ठरली.

बुलढाणा जिल्ह्याची जलरचना मोठी अर्थपूर्ण आहे. उत्तरेकडील पूर्णा तापीमार्गे अरबी समुद्राला जाते. जिल्ह्यातच अजिंठ्याच्या रांगेत उगम पावणारी पैनगंगा वर्धेला मिळून अखेर गोदावरीच्या वाटेने बंगालच्या उपसागराला पोहोचते. शिवाय दक्षिण सीमेवर दुसरी एक पूर्णा आहे, जिच्यावर खडकपूर्णा प्रकल्प झाला. ती गोदावरीची उपनदी. एकाच जिल्ह्यात एकाच नावाच्या दोन नद्या दोन विरुद्ध समुद्रांकडे जातात. 'पूर्णा' असे नुसते म्हटले की कोणती, हे सांगणाऱ्याच्या गावावरून ठरते. असे भूदृश्य एका प्रतीकात बसवता येत नाही.

मातृरूपकाच्या मर्यादाही येथे दाखवल्या पाहिजेत. पूर्णाखोऱ्याचा मोठा भाग खारपाणपट्ट्यात मोडतो. अमरावती, अकोला व बुलढाणा जिल्ह्यांतील या पट्ट्यात भूगर्भातील पाणी क्षारयुक्त असून विहिरीचे पाणी पिण्यास वा ओलितास फारसे उपयोगी पडत नाही. संग्रामपूर, जळगाव जामोद आणि शेगाव तालुक्यांतील गावांत मूत्रपिंडाच्या विकारांचा प्रश्न अनेक वर्षे गाजत आहे. गोडे पाणी येते ते सातपुड्यातून उतरणाऱ्या नद्यांचे. वारी येथे वान नदीवर बांधलेल्या धरणाचे पाणी या तालुक्यांतील गावांना पिण्यासाठी दिले जाते. म्हणजे पूर्णेला माय म्हणणाऱ्या माणसाची तहान प्रत्यक्षात डोंगर भागवतो. आपल्या वाङ्मयाने मायेचे रूपक जपले. डोंगराचे हे उपकार त्याच्या नोंदीत अद्याप आले नाहीत. किल्ल्याच्या अंगाने ज्या सातपुड्याशी नाते जुळले नाही, त्याच्याशी पाण्याच्या अंगाने जुळण्याची शक्यता येथे आहे.

७. दुर्गदृष्टी आणि स्थानदृष्टी

सातपुडा-पूर्णा प्रदेशाच्या वाङ्मयीन आकलनासाठी वेगळ्या दृष्टीची गरज असेल, तर ती बाहेरून आणावी लागणार नाही. वऱ्हाडातच ती सात शतकांपूर्वी सिद्ध झाली आहे. म्हाइंभटाने तेराव्या शतकाच्या उत्तरार्धात रिद्धपूर येथे 'लीळाचरित्रा'ची रचना केली. लोणार, मेहकर ही आजच्या बुलढाणा जिल्ह्यातील गावे त्यात येतात. पुढे महानुभाव संप्रदायात 'स्थानपोथी' निर्माण झाली. चक्रधरस्वामी कोठे बसले, कोठे जेवले, कोठे निजले, मठ कोणत्या दिशेला, नदी किती अंतरावर, अशा तपशिलांची ती नोंद आहे. तेथे स्थळाचे महत्त्व त्याच्या उंचीवर वा तेथील युद्धावर अवलंबून नाही; ते तेथे झालेल्या संवादावर आणि वास्तव्यावर अवलंबून आहे.

या दोन पद्धतींना सोयीसाठी 'दुर्गदृष्टी' आणि 'स्थानदृष्टी' अशा संज्ञा देता येतील. दुर्गदृष्टी माथ्यावरून मुलूख पाहते, वारसा सांगते आणि एका निर्णायक प्रसंगाभोवती अर्थ गोळा करते. स्थानदृष्टी पायथ्याशी राहून पाहते, वास्तव्य नोंदवते आणि अनेक लहान प्रसंगांतून अर्थ साचू देते. या दोन दृष्टी दोन प्रदेशांत वाटून टाकणे मात्र चुकीचे होईल. दांडेकरांनीच 'माचीवरला बुधा' आणि 'पवनाकाठचा धोंडी' या कादंबऱ्यांत राजमाची व तुंग या सह्याद्रीतील गडांकडे तेथे राहणाऱ्या माणसांच्या डोळ्यांनी पाहिले आहे. ती स्थानदृष्टीच होय. त्यांच्या दुर्गभ्रमणाला लाभलेली आर्द्रताही बहुधा तेथूनच आली असावी. सातपुड्याच्या संदर्भात मारुती चितमपल्ली यांचे मेळघाटविषयक लेखन या दृष्टीने अभ्यासनीय आहे. वनाधिकारी म्हणून तेथे वावरताना आदिवासींच्या ज्ञानाला आणि शब्दांना त्यांनी मराठी गद्यात जागा दिली.

८. अध्यापनाच्या दिशेने काही सूचना

वाङ्मयाने प्रत्येक डोंगराची दखल घेतलीच पाहिजे, असा आग्रह धरता येत नाही. परंतु अध्यापनाची जबाबदारी निराळी आहे. विद्यार्थ्याच्या अनुभवाला भाषेत नाव मिळवून देणे हे साहित्याच्या अध्यापकाचे काम आहे. त्या दृष्टीने पुढील अभ्यासविषय सुचवावेसे वाटतात.

पहिला विषय ग्रामनामांचा. वरवट बकाल आणि वरवट खंडेराव ही एकाच तालुक्यातील दोन गावे आहेत. दुसऱ्या पदाने ती वेगळी ओळखली जातात. 'बकाल' हा शब्द आज गलिच्छ वस्तीसाठी वापरला जात असल्याने गावाचे नाव सांगताना मुले संकोचतात. परंतु अरबी-फारसीतील 'बक्काल' म्हणजे किराणा वा धान्याचा व्यापारी. गावाच्या नावात हा जुना अर्थ टिकून असावा, असा तर्क करता येतो. शब्दाचा अर्थ कसा घसरतो, आणि ग्रामनाम त्या घसरणीच्या आधीचा अर्थ कसा जपून ठेवते, याचे हे जिवंत उदाहरण वर्गात सांगितल्यावर ज्या मुलाने आपले गाव हळू आवाजात सांगितले होते, त्यानेच आजोबांकडून गावातील जुन्या दुकानदारांची माहिती विचारून आणली.

दुसरा विषय भूदृश्यवाचक वऱ्हाडी शब्दांच्या संग्रहाचा. बरड, धुरा, झिरा यांसारखे शब्द अर्थासह, वापराच्या संदर्भासह आणि सांगणाऱ्याच्या गावासह नोंदवावेत. पाण्याच्या चवीचे आणि जमिनीच्या प्रतीचे शब्द यांत विशेष महत्त्वाचे. नळाचे पाणी आल्यावर विहिरींच्या पाण्याची पारख करणारी भाषा प्रथम नाहीशी होते. तिसरा विषय नरनाळा, मैलगड, गाविलगड यांच्या पायथ्याच्या गावांतील मौखिक कथांचा. या कथा मराठीत मिळतील, कोरकूत मिळतील आणि क्वचित निहालीतही मिळतील. व्याघ्र प्रकल्पाच्या गाभा क्षेत्रातून अनेक गावांचे पुनर्वसन झाले असल्याने स्थानाशी बांधलेल्या कथा स्थानापासून तुटत आहेत; हे काम लांबणीवर टाकणे परवडणारे नाही. चौथा विषय १८०३ च्या अडगाव-गाविलगड प्रसंगाच्या मराठी स्मृतीचा. पराभवाची आठवण एखादा समाज कोणत्या रूपात ठेवतो, की ठेवतच नाही, हा वाङ्मयाच्या अभ्यासकासाठी मोलाचा प्रश्न आहे.

हे काम करताना एक सावधगिरी आवश्यक आहे. सह्याद्रीच्या अभिमानाच्या जागी सातपुड्याचा अभिमान बसवणे हा या अभ्यासाचा हेतू नाही. तसे झाल्यास जुन्याच रूपबंधात नवे नाव भरल्यासारखे होईल, आणि कोरकू व निहाली बोलणारा शेजारी पुन्हा चौकटीबाहेर राहील.

९. निष्कर्ष

प्रस्तुत विवेचनातून पुढील निष्कर्ष हाती येतात. मराठी दुर्गवाङ्मयाचा रूपबंध आरोहण, वारसा आणि वीरकथा यांवर उभा असून तो सह्याद्रीच्या इतिहासातून घडला आहे. त्याच्या प्रसारात कोल्हटकर, बढे व दांडेकर या वैदर्भीय लेखकांचा मोठा वाटा असल्याने सातपुड्याच्या अनुपस्थितीचे खापर एका प्रादेशिक साहित्यकेंद्रावर फोडता येत नाही. नरनाळा-गाविलगडाचा बहुस्तरीय इतिहास त्या रूपबंधातील निःशंक वारशाच्या कल्पनेत बसत नाही, आणि सातपुडा ही मराठीची शीव असल्याने त्याविषयी भाषेतच संकोच आहे. या प्रदेशाच्या आकलनासाठी महानुभाव परंपरेतील स्थानदृष्टी अधिक उपयुक्त ठरू शकते.

गेल्या वर्षी वर्गाला तोच विषय पुन्हा लिहावयास दिला होता. रायगड याही वेळी बहुतेक टिपणांत होता, आणि तो असावाच. परंतु सोनाळ्याकडून येणाऱ्या एका विद्यार्थिनीने वानेच्या पात्रात झिरा कसा उकरतात, आणि वरचे पाणी गढूळ असले तरी झिऱ्यातले गोडे कसे लागते, याविषयी दोन पाने लिहिली. त्यांतील सहा शब्द प्रस्तुत लेखकाला अपरिचित होते. ते त्याने आपल्या वहीत उतरवून घेतले आहेत.